कार्ड हातात आल्यावर

लेस्टर, रविवार

प्रिय शुभे,

तुझा लांबलचक मेसेज ऐकला. इकडे ब्रिटनमध्ये नर्स म्हणून यायला तू इंग्रजीची जी परीक्षा देणार आहेस, त्यातलं रीडिंग-लिसनिंग जमतंय, रायटिंगही मार्गी लागलंय, पण स्पीकिंग म्हटलं की जीभ टाळ्याला चिकटते. आणि वर तो प्रश्न, आपल्या आरोग्य क्षेत्रातल्या लोकांची ओईटी सोडून सगळ्यांसाठी असलेल्या आयईएल्ट्सलाच बसू का, तिथे नुसत्या गप्पा तर मारायच्या असतात!

गप्पा असतात गं, पण कसल्या ते बघ. ११ ते १४ मिनिटांचा मामला. आधी घर, गाव, आवडीनिवडी. मग एक कार्ड देतात, १ मिनिट विचार करायला आणि पुढे २ मिनिटांपर्यंत तू एकटीनेच बोलायचं. शेवटी त्याच विषयावर जरा वजनदार चर्चा. समजा, आवडलेल्या एखाद्या इमारतीबद्दल बोला, असं कार्ड आलं. मिरजेत इतकी वर्षं वॉर्ड सांभाळलास, त्यातलं काय तिथे उपयोगी पडणार? ब्रिटनच्या नर्सिंग कौन्सिलला स्पीकिंगमध्ये आयईएल्ट्सचा ७ बँड लागतो, नाहीतर ओईटीचा बी ग्रेड, म्हणजे ५०० पैकी निदान ३५०. ओईटीची फी जास्त आहे आणि ती खुपते, मान्य. तरीही तू ओईटीच दे.

तिथे सुरुवातीला दोन शब्द ओळखीचे होतात, त्याला गुण नाहीत. मग दोन रोल-प्ले, प्रत्येकी साधारण ५ मिनिटांचे. प्रत्येकाआधी प्रसंग आणि बोलायचे मुद्दे लिहिलेलं कार्ड वाचायला थोडा वेळ देतात. कार्ड हातातच ठेवायचं, त्यावर खुणा केल्या तरी चालतं. समोरची व्यक्ती पेशंट होते, नाहीतर नातेवाईक. ती गुण देत नाही. सगळं रेकॉर्ड होतं आणि दुसरेच लोक ते ऐकून गुण देतात. म्हणून तिच्या चेहऱ्यावरून आपलं कसं चाललंय याचा अंदाज बांधत बसू नकोस. आणि तुझी ती मान डोलावण्याची सवय! रेकॉर्डिंगमध्ये मान ऐकू येत नाही. हुंकार दे, ‘आय सी’ म्हण, काहीतरी कानाला कळू दे.

पाठांतराची वही मात्र बंद कर. क्लासवाल्यांनी दिलेली ती तयार वाक्यं मी वाचली. दर तिसऱ्या ओळीला ‘आय कम्प्लीटली अंडरस्टँड युवर कन्सर्न’. पेशंटने अजून काही सांगितलेलंच नाही, तर कळलं काय? ऐकणाऱ्याला ते लगेच जाणवतं. गुणांचा हिशेबच सांगते. भाषेचे चार निकष आहेत: उच्चार कळणं, ओघ, प्रसंगाला शोभेलशी भाषा आणि व्याकरण-शब्दसाठा. प्रत्येकी ६ पर्यंत गुण. त्याशिवाय पाच निकष पेशंटशी कसं बोलतेस याचे, प्रत्येकी ३ पर्यंत. त्यात पेशंटशी नातं जोडणं, त्याची बाजू समजून घेणं, बोलण्याला शिस्त असणं, माहिती काढणं आणि माहिती देणं येतं. भाषेचं पारडं जड आहेच, पण बाकीचे १५ गुण इंग्रजी फर्डं असून मिळत नाहीत. ते तुला मिळतील, कारण ते काम तू रोज करतेस. फक्त आपल्या वॉर्डातल्या काही सवयी तिथे महागात पडतात.

सगळ्यात मोठी सवय दटावण्याची. समज, कार्डावर असा पेशंट आहे: शुगर वाढलेली, पायाला जखम, आणि परवा मुलीचं लग्न म्हणून आजच डिस्चार्ज मागतोय. आपण काय म्हणतो? ‘काका, पाय कापायची वेळ आणायचीय का?’ आपल्याकडे काका हसतात, गप्प पडून राहतात, कारण त्या रागामागची माया त्यांना कळते. रेकॉर्डिंगमध्ये माया येत नाही, धमकी येते. तिथे आधी लग्नाचं विचार. कधी आहे, कुठे आहे, तुम्हाला काय काय करायचंय. मग जखमेबद्दल डॉक्टरांनी काय सांगितलंय ते त्यांच्याच तोंडून काढ. ते जेवढं चुकीचं किंवा अर्धवट सांगतील तेवढंच दुरुस्त कर. थोडं सांगायचं, थांबायचं, कळलं का ते बघायचं, मग पुढचं. कार्डावरचे सगळे मुद्दे ५ मिनिटांत उरकले नाहीत तर आभाळ कोसळत नाही. ते संपवायला गाडी सुसाट सोडलीस, तर मात्र ओघ, उच्चार आणि पेशंट तिन्ही हातचे जातात.

दुसरी सवय एका दमात चार प्रश्न विचारायची. ‘दुखतंय का, ताप आला का, उलटी झाली का, जेवलात का?’ ओपीडीत रांग असते म्हणून आपण असं विचारतो. परीक्षेत एकच विचार आणि उत्तर येईपर्यंत गप्प बस. त्या दोन सेकंदांच्या शांततेला घाबरू नकोस. पहिला प्रश्न मोकळा ठेव, म्हणजे काय होतंय ते त्याला त्याच्या पद्धतीने सांगता येईल. ‘हो’, ‘नाही’चे प्रश्न त्यानंतर.

तिसरं, हँडओव्हरची, म्हणजे ड्यूटी बदलताना आपण आपसात बोलतो ती भाषा पेशंटशी बोलायची नाही. ‘एनबीएम’, ‘ॲम्ब्युलेट’, ‘हायपरटेन्शन’ हे आपल्या आपल्यात. पेशंटला काही खायचं-प्यायचं नाही, थोडं चाला, बीपी वाढलंय, असंच साध्या शब्दांत सांग. तू मराठीत हे फार छान करतेस. त्या माळकरी आजोबांना अँजिओग्राफी समजावलीस तेव्हा मी शेजारीच उभी होते.

उच्चारांचं एवढं मनावर घेऊ नकोस. गोऱ्यांसारखं बोलायला जाऊ नकोस, तो आव फार वाईट ऐकू येतो. हेल मराठी असला म्हणून काही बिघडत नाही, शब्द कळले पाहिजेत. आपलं अडतं ते वेगात आणि आघातात. सगळी अक्षरं आपण एकाच जोराने म्हणतो. ‘डेव्हलप’ म्हणताना जोर ‘व्ह’वर हवा, आपण तो ‘डे’वर देतो. शब्दांच्या शेवटचे ‘स’, ‘ट’, ‘ड’ गिळू नकोस. आणि ‘यू आर हॅविंग पेन’ तेवढं सोड, ‘डू यू हॅव पेन’ म्हण. बाकी व्याकरण तुझं माझ्यापेक्षा बरं आहे.

सराव कसा करायचा म्हणतेस, तर आरशासमोर नको. आरसा उलट बोलत नाही. भावजींना पेशंट कर, गोळ्या घ्यायच्या नाहीत म्हणून हटून बसायची त्यांना प्रॅक्टिसच आहे. त्यांचं इंग्रजी मोडकं असलं तर उत्तमच, अडलेल्या माणसाचं ऐकून घ्यायची सवय लागेल. एकदा तूही पेशंट हो, मग कळेल सिस्टर न थांबता बोलायला लागल्या की कसं वाटतं. सगळं फोनवर रेकॉर्ड कर आणि दुसऱ्या दिवशी ऐक, लगेच नको. ऐकताना चुका मोजू नकोस. कोण जास्त बोललं, एवढंच बघ.

आणि एकाच वेळी सगळ्यात हवा तो ग्रेड आला पाहिजे, या दडपणाखाली राहू नकोस. दोन वेळचे निकाल काही अटींवर जोडून धरतात. अटी अधूनमधून बदलतात, तेव्हा कौन्सिलच्या साइटवर स्वतः वाच, एजंटच्या तोंडी माहितीवर फी भरू नकोस.

शनिवारी मला सुट्टी आहे. तुमच्याकडे संध्याकाळ झाली की व्हिडिओ कॉल लाव. कार्ड मी लिहून ठेवते, पेशंटही मीच होते. आधीच सांगते, मी रडणार आहे, चिडणार आहे आणि मध्येच विषय बदलणार आहे. कॅमेरा बंद ठेवू, म्हणजे तुझी मान मला दिसायला नको. सासूबाईंना नमस्कार सांग, छोटीला गोड पापा.

तुझी,
मनी