पी. एस. विनोदराज यांना, त्या खड्यांबद्दल

श्री. पी. एस. विनोदराज यांस,
सप्रेम नमस्कार.

मी सांगली जिल्ह्यातल्या जत तालुक्यातली. आपल्या ‘कूळांगल’ (म्हणजे खडे) या तमिळ चित्रपटातले अरिट्टापट्टी मदुराईजवळचे, भाषाही निराळी. तरी ‘कूळांगल’मधले ऊन मला परके वाटले नाही आणि त्या उन्हात चालणारे बापलेक तर मुळीच नाहीत.

माझे वडील दारू पिऊन आईला घराबाहेर काढत आणि चार दिवसांनी मला बरोबर घेऊन तिला आणायला मामाच्या गावी जात. पोर सोबत असले की बाई मुकाट्याने परत येते, हे त्यांना पक्के ठाऊक होते. त्यावर भावकीच्या बैठका झाल्या, आणि प्रत्येक बैठकीत शहाण्यासुरत्या माणसांनी आईला एकच सांगितले, की घरातले भांडण घरात मिटव आणि पोरांकडे बघून नांद. पोरांकडे मात्र त्यांच्यापैकी एकानेही बघितले नाही. पडद्यावरच्या खेड्यातही दारुडा यायचा तो बहुधा लोकांना हसवायला. त्याच्या घरातले मूल कुठे असते, हे कोणी दाखवत नव्हते.

आपण दाखवलेत. दारुडा बाप गणपती बायकोला आणायला निघताना मुलाला, वेलूला, भरल्या वर्गातून उठवून नेतो, तिथेच मी ओळखले की हे माहीत असलेल्या माणसाने केलेले काम आहे. आपल्या बहिणीला सासरहून हाकलल्यावर ती लेकराला घेऊन १३ किलोमीटर चालत माहेरी आली, त्यातून हा चित्रपट सुचला, हे मी नंतर वाचले. पडद्यावर आपण ती पायपीट बाईच्या नव्हे, पुरुषाच्या वाट्याला दिलीत, आणि तीही पोराने बसभाड्याच्या नोटा फाडून टाकल्यामुळे. याबद्दल आपले किती आभार मानू?

पण सगळ्यात मोठे ऋण त्या खड्याचे आहे. तहान लागू नये म्हणून वेलू वाटेत तोंडात खडा धरतो, घरी पोचल्यावर तो काढून ठेवतो, आणि जिथे ठेवतो तिथे तसल्याच खड्यांचा ढीग आधीपासून साचलेला असतो. त्यावर कोणी काही बोलत नाही. हे पहिल्यांदा घडत नाही, दर वेळी मी बरोबर होते आणि मला सगळे आठवते, एवढेच मला त्या बैठकांत सांगायचे होते. लहान म्हणून मला कोणी तोंड उघडू दिले नाही. आपण त्या मुलाची साक्ष ग्राह्य धरलीत.

हा चित्रपट मी आईला मोबाइलवर दाखवला. शेवटी बाया खड्ड्यातले पाणी थोडेथोडे करून हंड्यात भरतात, तिथे ती म्हणाली, “आमचंबी असंच.” मग बऱ्याच वेळाने म्हणाली, “तुला न्यायला नको होतं त्यांनी.” इतक्या वर्षांत या विषयावर ती पहिल्यांदाच बोलली.

उंदीर भाजून खाणारे ते कुटुंबही आपण कुठे कीव करत किंवा नवलाईने दाखवले नाहीत. गरिबाच्या घरात कॅमेरा नेताना बाळगायची ही सभ्यता मला रॉटरडॅमच्या चित्रपट महोत्सवात २०२१ साली त्याला मिळालेल्या टायगर पुरस्काराहून मोठी वाटते.

एक विनंती आहे. आमच्या गावच्या यात्रेत कापडी पडद्यावर हा चित्रपट दाखवण्याची परवानगी मिळावी. भावकीतल्या मंडळींना पुढच्या रांगेत आणून बसवण्याची जबाबदारी माझी.

आपली कृतज्ञ,
जत तालुक्यातील एक शिक्षिका