आजोबांच्या पलटणीविषयी

बोलोन्या, इटली
२३ नोव्हेंबर

तीर्थरूप आई आणि बाबा यांना साष्टांग नमस्कार.

बाबा, "फोनवर नको, सविस्तर लिही, म्हणजे मला दोनदा वाचता येईल," असे तुम्ही म्हणालात, म्हणून हे पत्र लिहीत आहे. गेल्या रविवारी मी फोर्लीला जाऊन आले. बोलोन्याहून रेल्वेने तासाभराच्या आत पोहोचता येते, आणि तरीही इथे येऊन चार वर्षे झाली तोवर मी गेले नव्हते, याचे मला वाईट वाटते.

जाण्याचे कारण तुम्हाला माहीत आहे: दुसऱ्या महायुद्धात आजोबा इंग्रजांच्या हिंदी सैन्यातून इथेच, इटलीत लढले. दोन वर्षांपूर्वी गावच्या कार्यक्रमात कोणीतरी चारचौघांत म्हणाले की तुमचे वडील देशासाठी नव्हे, इंग्रजांच्या पगारासाठी लढले. त्या रात्री तुम्ही एक शब्दही न बोलता भिंतीवरची पदकांची चौकट उतरवली आणि ट्रंकेत ठेवली, असे आईने मला सांगितले. तुम्ही तीस वर्षे शाळेत इतिहास शिकवलात. त्या माणसाला उत्तर देणे तुम्हाला अवघड नव्हते. तुम्ही गप्प राहिलात, याचा अर्थ तो प्रश्न तुमचाही होता, असे मला तेव्हापासून वाटत आले आहे. तो आता माझाही झाला आहे.

फोर्लीच्या हिंदी सैन्याच्या दफनभूमीत पाचशेच्या आसपास थडगी आहेत, त्यांतली बहुतेक मुसलमान शिपायांची. हिंदू आणि शीख सैनिकांना त्यांच्या रीतीप्रमाणे अग्नी दिला गेला, म्हणून त्यांची नावे तिथल्याच स्मारकावर कोरली आहेत; ती आठशेच्या जवळपास आहेत. गवत कापलेले होते, माझ्याशिवाय कोणी नव्हते. पाचव्या मराठा लाइट इन्फंट्रीची, म्हणजे मराठा पलटणींची, नावे शोधत मी भिंतीपाशी उभी राहिले आणि रोमन लिपीत कोरलेली आपल्याकडची आडनावे वाचताना, लहानपणी गावच्या शाळेत हजेरी घेतली जायची तशी ती मनात मोठ्याने म्हणत गेले. इटलीच्या मोहिमेत हिंदी सैन्याचे सुमारे ५०,००० जवान होते आणि त्यांतले साडेपाच हजारांहून अधिक परत गेले नाहीत. आजोबा परत गेले, म्हणून आपण आहोत.

तिथून मी सेनिओ नदी पाहायला गेले. नदी म्हणजे आपल्याकडच्या ओढ्याएवढी अरुंद, पण दोन्ही काठांना पुराच्या पाण्यासाठी बांधलेले उंच, चढायला अवघड असे बांध आहेत. २०२३ च्या मे महिन्यात याच नदीने ते बांध ओलांडून आजूबाजूची गावे बुडवली होती. जर्मनांनी हे बांध आतून पोखरून त्यांत मशीनगनी बसवल्या होत्या आणि उतारावर सुरुंग पेरले होते. ९ एप्रिल १९४५ रोजी आठव्या हिंदी डिव्हिजनने ही नदी ओलांडली. मराठा लाइट इन्फंट्रीच्या पहिल्या बटालियनचे शिपाई नामदेव जाधव, संगमनेर भागातल्या निमजचे, त्या दिवशी कंपनीचे निरोप्ये होते. पलीकडे पोहोचताच कंपनी कमांडर आणि बरोबरचे लोक गोळीबारात सापडले. जाधवांनी एका जखमीला उचलले, पाण्यातून आणि सुरुंगांच्या पट्ट्यातून अलीकडे आणले, पुन्हा जाऊन दुसऱ्याला आणले, आणि मग तिसऱ्यांदा एकटे जाऊन मशीनगनीची ठाणी बंद पाडली. हाताला गोळी लागल्यावर बंदूक चालवता येईना, तेव्हा त्यांनी हातबॉम्ब वापरले. शेवटी बांधाच्या माथ्यावर उघड्यावर उभे राहून त्यांनी शिवाजी महाराजांच्या नावाची ललकारी दिली आणि मागच्या कंपन्यांना हात हलवून बोलावले. त्या बांधावर मी चढून पाहिले. हात रिकामे, अंगावर ओझे नाही, कोणी गोळी झाडत नाही, तरी मला धाप लागली.

याच्या आदल्या उन्हाळ्यात, १० जुलै १९४४ रोजी, तिबेर नदीच्या वरच्या खोऱ्यात माणगाव तालुक्यातल्या पळसगावचे नाईक यशवंत घाडगे यांच्या तुकडीतले सगळे मशीनगनीच्या माऱ्याने पडले. ते एकटे त्या ठाण्यावर धावून गेले; गोळ्या संपल्या तेव्हा काडतुसे बदलायला वेळ नव्हता म्हणून त्यांनी बंदूक नळीकडून धरून शेवटच्या दोघांना मारले, आणि नंतर लपलेल्या नेमबाजांच्या गोळ्यांनी तिथेच त्यांचा अंत झाला. त्यांचे थडगे नाही. नाव कासिनोच्या स्मारकावर आहे. मोंतोने या छोट्या गावाने २०२३ मध्ये त्यांच्या आठवणीसाठी एक सूर्यघड्याळ उभारले. इटलीत दिल्या गेलेल्या २० व्हिक्टोरिया क्रॉसपैकी (इंग्रजांचे हे सर्वोच्च शौर्यपदक) ६ हिंदी सैन्याने मिळवले, त्यांतले हे दोन आपल्या मराठा पलटणींचे.

बाबा, शौर्याबद्दल तुम्हालाही शंका नव्हती, हे मला ठाऊक आहे. प्रश्न "कोणासाठी" हा होता, आणि त्याला सोपे उत्तर देऊन मी तुमची समजूत घालणार नाही. ज्या सैन्यात आजोबा भरती झाले ते एका परक्या सत्तेने, तिच्या गरजेसाठी उभे केलेले सैन्य होते. मुंबई, मद्रास आणि बंगाल इलाख्यांची वेगवेगळी सैन्ये १८९५ मध्ये एकत्र करून ते एकसंध केले गेले, पण आपली 'जंगी पलटण' त्याहून जुनी, १७६८ ची; पेशवाई असतानाच ती ईस्ट इंडिया कंपनीच्या चाकरीत होती. याच सैन्याने साम्राज्याचे मुलूख राखले. पहिल्या महायुद्धात आजच्या इराकमधल्या कुत-अल-अमाराच्या वेढ्यात मराठा पलटणी उपाशी लढल्या, आणि एप्रिल १९१६ मध्ये शरण गेल्यावर त्यांतले कितीतरी कैदेत मेले. जालियनवाला बागेत हुकमावरून गोळ्या झाडणारे शिपाईही याच सैन्यातले होते. हे विसरून आजोबांचा अभिमान बाळगता येणार नाही.

आणि हे सैन्य सगळ्यांना सारखे जवळ करत होते असेही नाही. लढवय्या जाती ठरवण्याच्या साहेबी सिद्धान्तापायी १८९० च्या दशकाच्या सुरुवातीला महारांची भरती बंद झाली, त्यांच्या पिढ्यान्‌पिढ्या मुंबईच्या पलटणींत गेल्या होत्या तरीही. बाबासाहेबांचे वडील सुभेदार होते आणि बाबासाहेबांचा जन्म महूच्या छावणीत झाला. ज्या घरात पलटणीच्या शिस्तीने आणि शाळेने शिक्षण आले, त्याच घरांना पुढे पलटणीचे दार बंद झाले. पहिल्या महायुद्धात गरज पडली तेव्हा १११ वी महार पलटण उभी केली आणि युद्ध संपल्यावर मोडली. ती भरती पुन्हा कायमची सुरू व्हायला १९४१ साल उजाडावे लागले, आणि तेव्हा महार रेजिमेंट आपल्या बेळगावातच उभी राहिली. मराठा रेजिमेंटचे केंद्र तिथेच असल्याने आजोबाही त्याच सुमारास तिथल्या मैदानावर कवायत करत असणार. शेजारच्या मैदानावर कोण का उशिरा आले, हे त्यांनी तुम्हाला कधी सांगितले होते का? मला हे सारे फार उशिरा, पुस्तकांतून कळले.

मग कोणासाठी? पोटासाठी, असे आजोबांनी स्वतः सांगितले असते. घरी मनीऑर्डर येत होती, त्यावर दोन बहिणींची लग्ने झाली. पण खंदकात माणूस सरकारसाठी लढत नाही, शेजारच्यासाठी लढतो, हे मला सेनिओच्या बांधावर पटले. जाधव तीनदा नदीत उतरले त्यांतल्या पहिल्या दोन खेपा माणसे आणायला होत्या. आणि याहून मोठी गोष्ट अशी की ज्या सैन्यावर राज्य उभे होते, ते सैन्यच आता हुकूम मानेल याची खात्री इंग्रजांना १९४६ नंतर उरली नाही. लाल किल्ल्यातला आझाद हिंद सेनेचा खटला आणि १९४६ च्या फेब्रुवारीतला मुंबईच्या नाविकांचा उठाव यांनी ते दाखवून दिले. युद्ध पाहून परतलेल्या पंचवीस लाखांच्या सैन्याला जुन्या धाकाने राखता येणार नव्हते. आजोबा त्या पंचवीस लाखांतले एक होते.

सेनिओच्या काठी त्याच ९ एप्रिलला दुसऱ्या एका शिपायालाही व्हिक्टोरिया क्रॉस मिळाला: तेराव्या फ्रंटियर फोर्स रायफल्सचे अली हैदर, कोहाट भागातले पठाण. दोघे एकाच डिव्हिजनचे, एकाच नदीचे. अडीच वर्षांत फाळणी झाली, सैन्याची साधारण दोन तृतीयांश आणि एक तृतीयांश अशी वाटणी झाली, आणि हैदर यांची रेजिमेंट पाकिस्तानच्या वाट्याला गेली. पैशांचीही वाटणी झाली. पूर्व आफ्रिकेतल्या लढाईत सुदान वाचवणाऱ्या हिंदी जवानांच्या स्मारकासाठी सुदान सरकारने एक लाख पौंड दिले होते. त्यांतले ७०,००० आपल्याकडे आले आणि खडकवासल्याच्या राष्ट्रीय संरक्षण प्रबोधिनीच्या मुख्य इमारतीसाठी खर्च झाले. तुम्ही आम्हाला पानशेतला नेताना बसमधून जो घुमट दाखवायचात, तो सुदान ब्लॉकचा. परक्यांच्या युद्धात मेलेल्यांच्या नावाने आलेल्या पैशावर स्वतंत्र देशाचे अधिकारी घडवणारी वास्तू उभी राहिली, हे मला फार मोलाचे वाटते.

स्वातंत्र्यानंतर तीच पलटण, तीच ललकारी, पण मालक बदलला. १५ जानेवारी १९४९ रोजी करिअप्पांनी सरसेनापतिपद घेतले तेव्हा काश्मीरची लढाई नुकती थांबली होती. त्या लढाईतले माझे सर्वांत आवडते नाव बंदूक चालवणाऱ्याचे नाही. ते कारवारकडच्या रामा राघोबा राणे यांचे आहे, खडकीच्या बॉम्बे सॅपर्सचे, म्हणजे सैन्याच्या अभियंता पलटणीचे. एप्रिल १९४८ मध्ये नौशेराहून राजौरीकडे जाणारा रस्ता सुरुंग पेरून आणि झाडे तोडून बंद केला होता. पहिल्याच दिवशी त्यांच्या तुकडीतले दोघे गेले, ते स्वतः जखमी झाले. तरी चार दिवस ते सुरुंग काढत राहिले, एकदा तर रणगाड्याच्या पोटाखाली सरपटत, दोरीने चालकाला खुणा करत. रस्ता मोकळा झाला म्हणून राजौरीची माणसे वाचली. परमवीर चक्र जिवंतपणी मिळालेल्या पहिल्या काहींपैकी ते एक.

कोल्हापूरकडचे जनरल थोरात तुम्ही आम्हाला वर्गात शिकवले होते, पण कोरियाबद्दल शिकवल्याचे मला आठवत नाही. १९५३ मध्ये युद्ध थांबल्यावर मायदेशी परतायला नकार देणाऱ्या वीस हजारांहून अधिक कैद्यांना सांभाळायला भारताने सैन्य पाठवले, आणि त्याचे प्रमुख थोरात होते. एकदा चिनी कैद्यांनी एका भारतीय अधिकाऱ्याला पकडून ठेवले, तेव्हा थोरात मोजकी माणसे घेऊन त्या कुंपणाच्या आत गेले आणि त्याला सोडवून आणले. परक्या दोन पक्षांच्या भांडणात, कोणाचाही मुलूख न घेता, केवळ राखणीसाठी उभे राहणे हे साम्राज्याचे मुलूख राखण्याहून फार वेगळे काम होते. पुढे याच थोरातांनी पूर्व विभागाचे प्रमुख असताना १९५९ आणि १९६० मध्ये ईशान्य सीमेवरच्या धोक्याचा लेखी इशारा दिला, आणि तो बाजूला ठेवला गेला. १९६२ मध्ये जवान सुती कपड्यांत, जुन्या रायफली घेऊन हिमालयात उभे होते. जवानांनी हार खाल्ली असे म्हणणे मला अन्यायाचे वाटते. त्यांना ज्यांनी तसे पाठवले त्यांची ती हार होती. तरीही सैन्याने सत्तेवर हात टाकला नाही, तेव्हाही नाही आणि नंतरही नाही. शेजारच्या देशांत काय झाले ते पाहिले की याची किंमत कळते.

आई, तुला किल्लारीचा भूकंप आठवत असेल. ३० सप्टेंबर १९९३, विसर्जन करून लोक झोपले होते. तुझ्या माहेरच्या माणसांच्या शोधात मामा तिथे पोहोचले तेव्हा जवान तोंडाला फडकी बांधून दगडांच्या राशी हाताने उपसत होते. "त्यांनी आमच्या म्हातारीला चादरीत गुंडाळून दिलं आणि सलाम केला," हे मामांचे वाक्य तू कितीदा सांगितलेस. कोणासाठी, या प्रश्नाचे उत्तर मला त्या सलामाइतके स्पष्ट दुसरीकडे कुठे मिळालेले नाही.

बाबा, आजोबा जेवताना भाकरीला "पाने" म्हणायचे आणि आजी विड्याचे ताट पुढे करायची, हे तुम्ही सांगायचात. इथे बेकरीत मी रोज तोच शब्द ऐकते: पाने म्हणजे पाव. कुठल्या तरी इटालियन घरात त्यांना कोणीतरी पाव दिला असणार.

दादाची मुलगी खडकवासल्याच्या परीक्षेची तयारी करते आहे, आणि मे २०२५ मध्ये मुलींची पहिली तुकडी तिथून बाहेर पडल्यापासून तिला दुसरे काही सुचत नाही, असे वहिनी म्हणाली. तिने पणजोबांची पदके अजून पाहिलेली नाहीत. डिसेंबरच्या २० तारखेला मी येते आहे. त्याआधी ट्रंक उघडून दोन कामे करा. आजोबांच्या डिस्चार्ज बुकावरचा नंबर मला कळवा, म्हणजे ते कोणत्या बटालियनमध्ये कुठे होते ते शोधता येईल. आणि इटली स्टारची फीत मोजून तिची रुंदी कळवा. ती विटून गेली असेल; तांबडा, पांढरा, हिरवा, पांढरा, तांबडा असे पट्टे असलेली तशीच नवी फीत इथे मिळते आहे, मी येताना घेऊन येईन.

तुमची,
ताई