सुपारी देताना वगही मागा

महोदय,

यंदा आमच्या गावच्या यात्रेत तमाशा पाहिला आणि तेव्हापासून मनाला रुखरुख लागून राहिली आहे. गण झाला, गवळण झाली, विनोदी बतावणी रंगात आली. सोंगाड्याची आणि त्याच्या जोडीदाराची कुठे जुंपते आहे, तोच पुढून शिट्ट्या आणि ओरडा, 'गाणं लावा, गाणं!' गाणे लागले की पोरांचे मोबाइल वर, संवाद सुरू झाला की खाली. वग, म्हणजे तमाशातले नाट्य, वीसेक मिनिटांत गुंडाळला. नंतर कनातीमागे गेलो, तर सोंगाड्या तोंडावरचा रंग पुसत बसला होता. म्हणाला, "आठ वग पाठ हायेत, काका. ऐकतंय कोण?"

दुसऱ्या दिवशी एका नाचणाऱ्या मुलीची रील गावभर फिरली, खाली नको नको ते लिहिलेले. तिनेच वगात सावकाराची सून काय जीव तोडून उभी केली होती! ती कुणाला आठवतही नाही.

एकट्या पोरांना बोल लावून भागणार नाही. आवडले नाही की अंगठ्याने पुढे सरकवायचे, ही सवय आम्हा म्हाताऱ्यांनाही जडली आहे. शाहीर पठ्ठे बापूराव आपल्याच जिल्ह्यातल्या रेठरे हरणाक्षचे, तमाशातली काळू-बाळू ही जोडी कवलापूरची. पूर्वी वगात पाटील, सावकार, पुढारी कुणाचीच गय नसे, आणि ज्याच्यावर बोलणे तोही समोर बसून हसे. सकाळी पारावर तेच संवाद. आता एका घरात चौघे चार मोबाइलवर चार गोष्टी बघतात. सकाळी बोलायचे कशावर?

पाडव्याच्या सुमारास विट्याला तमाशा फडांच्या राहुट्यांवर सुपारी द्यायला, म्हणजे खेळ ठरवायला, गेलेली यात्रा कमिटी आधी विचारते, नाचणाऱ्या किती? वग कोणता, हेही विचारा. रात्री दहाला स्पीकर बंद करावा लागतो म्हणून वग कापला जातो, हे खरे. मग तमाशा सातलाच उभा करा आणि फर्माइशी वगानंतर घ्या. कडेगाव तालुक्यातल्या मोहित्यांचे वडगावने २०२२ साली संध्याकाळी सातला भोंगा वाजवून दीड तास टीव्ही-मोबाइल बंद ठेवायला सुरुवात केली. ग्रामसभेने ठरवले आणि झाले. आम्हाला तर वर्षातून एकच रात्र, वग संपेपर्यंत फोन खिशात ठेवायचा आहे. यात्रेच्या पुढच्या बैठकीत मी हे मांडणार आहे; इतर गावांनीही मांडावे, ही कळकळीची विनंती.

– एक वाचक, ता. तासगाव, जि. सांगली