एकटेपण फक्त वृद्धांचे नाही

जागतिक आरोग्य संघटनेच्या एकटेपणावरील अहवालाबाबतचा आपला अग्रलेख वाचला. ज्येष्ठांविषयीची कळकळ पटली, पण मुलांचा साधा उल्लेखही नाही, हे खटकले. जून २०२५ च्या याच अहवालानुसार जगात सहापैकी एकाला एकटेपण जाणवते. १३ ते २९ वयोगटात हे प्रमाण १७ ते २१ टक्के असून किशोरवयीन त्यातही पुढे आहेत.

माझा मुलगा बारावीत आहे. चाचणीत गुण कमी पडल्याचे त्याने व्हॉट्सअ‍ॅपवर कळवले, तेव्हा मी रात्रपाळीला होतो. घाईत ‘बरं’ एवढेच लिहिले. मला म्हणायचे होते, ‘असू दे’. त्याने वाचले, ‘बाबा चिडलेत’. दोन दिवस तो ताट घेऊन खोलीत जेवत होता आणि मला वाटले, अभ्यास चालू आहे. तिसऱ्या दिवशी त्याच्या आईकडून उलगडा झाला. तोच शब्द तोंडाने उच्चारला असता, तर आवाजातूनच त्याला सगळे कळले असते.

ज्येष्ठांसाठी विरंगुळा केंद्रे हवीतच. पण शाळा-महाविद्यालयांच्या पालकसभेत गुणांपलीकडे विषय जात नाही. तिथे मुलाशी घरी कोण बोलते, हेही विचारले जावे.

— एक पालक, नाशिक