गोळी झाल्यावर वाचा

ती. आई आणि ती. अण्णांना,
शि. सा. न. वि. वि.

आई, अण्णांचं जेवण आणि रात्रीची गोळी झाली असेल तरच पुढचं मोठ्याने वाच. नसेल तर पत्र देवघरात ठेव.

अण्णा, मी नोकरीच्या केसचं हायकोर्टातलं अपील मागे घेतलं. (ती रिट आहे, पण आपल्या घरात अपीलच.) वकीलसाहेबांनी सोमवारी सांगितलं, कोर्टाने परवानगी दिली, दोन मिनिटांत निकाली. पुन्हा दाखल करायची मुभा मागितली नाही. मुभा न घेता मागे घेतलं की त्याच कारणासाठी परत हायकोर्टात रिट करता येत नाही, हे सुप्रीम कोर्टाच्या १९८६च्या निकालाची झेरॉक्स दाखवून तुम्हीच मला समजावलं होतं. म्हणजे न कळून झालेलं नाही.

तुम्ही म्हणाल, ऑगस्ट २०२५पासून कोल्हापूरला हायकोर्टाचं सर्किट बेंच आलं, आणि आताच का? तेच तर कारण आहे. मुंबई होती तोवर महालक्ष्मीचं तिकीट, रात्रभराचा प्रवास असं काहीबाही सांगून आई दोनातल्या एका तारखेला तुम्हाला अडवायची. सांगलीहून कोल्हापूर म्हणजे एसटीने दीड-दोन तास. तुम्ही एकही तारीख सोडणार नाही. मागच्या वेळी केस बोर्डावर पोचलीच नाही आणि तुम्ही पाचपर्यंत उपाशी बसलात. आईला रागावू नका, मला शेजारच्या काकांनी सांगितलं.

आणि जिंकून काय मिळणार होतं? जाहिरात २०१४ची, मी प्रतीक्षायादीत, यादीची मुदत एक वर्ष. मॅटमध्ये (सरकारी नोकरीच्या तक्रारींच्या न्यायाधिकरणात) हरलो. यादीत नाव आलं म्हणजे नेमणुकीचा हक्क मिळत नाही, हे सुप्रीम कोर्टाच्या शंकरसन दाश निकालात १९९१ सालीच ठरलंय. तुमच्यासारखी पेन्शनही नोव्हेंबर २००५ नंतरच्या भरतीला नाही. इथे माझा पगार वेळेवर होतो, डबा चांगला आहे, खोलीत ऊन येतं. शिवाय त्या जागेवर नेमलेली ती, प्रतिवादी क्रमांक चार. नऊ वर्षं ती त्या खुर्चीवर आहे. चूक खात्याची, आणि उठवायचं तिला?

एवढी कारणं देते आहे म्हणजे मलाच खात्री नाही असं समजू नका. खात्री आहे. फक्त तुम्हाला न विचारता केलं, ते टोचतंय. विचारलं असतं तर तुम्ही ‘तुझी इच्छा’ म्हणाला असता आणि रात्रभर जागला असता.

केस माझी होती अण्णा, पण फाइल तुमची. जूनमध्ये माझ्या पुस्तकांना घालायचा तसंच खाकी कव्हर, कोपरे दुमडून, वर लेबल. चौथीत असताना मी कव्हर फाडलं तर तुम्ही ओरडला नाहीत, भात चेचून खळ केली आणि चिकटवून दिलंत. काल ते आठवलं आणि ऑफिसात डोळे पुसत बसले.

आता नीट ऐका. वकिलांची राहिलेली फी मी पाठवली आहे, तुम्ही परत देऊ नका. रक्त पातळ करणारी गोळी मनाने बंद करायची नाही. आई, तुझी साखर उपाशीपोटी तपास, चहा पिऊन नाही. लोणचं वरच्या फळीवर गेलंय म्हणे, तिथेच राहू दे. गिझरवाला शनिवारी येईल, त्याला पैसे दिलेत.

फाइल रद्दीत घालू नका. मी रविवारी येते. कव्हर आपण दोघं मिळून काढू, किंवा नाही काढायचं, तुम्ही म्हणाल तसं. भडंग करून ठेव आई, लसूण जास्त.

तुमची,
बाबी