चि. मुक्ताला, मुंबईला निघण्यापूर्वी

पुणे

चि. मुक्ता,
अनेक आशीर्वाद.

सोमवारपासून तू सिनेमाच्या संकलनात असिस्टंट एडिटर म्हणून कामाला लागशील. सुरुवातीला तुझ्या हाती कट येणार नाही, डेटा येईल. त्यात कमीपणा मानू नकोस.

सेटवरून कॅमेऱ्याचं मेमरी कार्ड आलं की आधी तीन कॉपी कर: दोन वेगवेगळ्या ड्राइव्हवर आणि तिसरी दुसऱ्या जागी. नुसतं ओढून टाकू नकोस. चेकसम, म्हणजे फाइलमधल्या डेटावरून निघणारा पडताळणीचा आकडा, जुळवणारं सॉफ्टवेअर वापर. अर्धवट उतरलेली क्लिप फोल्डरमध्ये धडधाकट दिसते आणि उघडेपर्यंत कार्ड फॉरमॅट झालेलं असतं. मूळ फाइलचं नाव कधीही बदलू नकोस, नाहीतर चित्राचे रंग ठरवणाऱ्यांना, म्हणजे कलरला, देताना प्रॉक्सी (कापायला केलेली हलकी प्रत) आणि मूळ फुटेजची जोडी लागत नाही.

सिंक करताना, म्हणजे वेगळा रेकॉर्ड झालेला आवाज चित्राशी जुळवताना, टेकच्या सुरुवातीचा क्लॅप जुळला म्हणून पुढे जाऊ नकोस, टेकचा शेवटही बघ. कॅमेरा सेकंदाला २३.९७६ फ्रेमवर चालला असेल आणि ते फुटेज २४ समजून वाचलं गेलं, तर १० मिनिटांच्या टेकमध्ये आवाज आणि ओठ जवळपास १४ फ्रेमने फाकतात. सुरुवातीला हे डोळ्याला कळतच नाही.

आता कटाबद्दल. लॉ कॉलेज रोडवर, फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये, संकलक रेणू सलुजांच्या पिढीला स्टीनबेक या फिल्म संकलनाच्या यंत्रावर रीळ फिरवताना नको असलेलं फुटेजही डोळ्यांखालून घालावं लागे. तुला टाइमलाइनवर हवी तिथे उडी मारता येते, म्हणून मुद्दाम सगळे रशेस, म्हणजे न कापलेलं फुटेज, न थांबता बघ. 'ॲक्शन'च्या आधीचं आणि 'कट'च्या नंतरचंही बघ. नट बेसावध असतो तेव्हाची नजर पुष्कळदा तिथेच सापडते. पहिल्यांदा बघताना जे वाटलं ते लगेच लिहून ठेव. दहाव्यांदा बघताना ते वाटत नाही.

संवादाच्या प्रसंगात बोलणाऱ्याला धरून बसू नकोस. आपल्या भाषेत वाक्याचा निकाल शेवटी लागतो. 'मी उद्या घरी येणार' इथपर्यंत समोरच्याचा चेहरा आशेवर असतो, 'नाही' आलं की उतरतो. तो उतरताना दिसायला हवा असेल, तर 'येणार'वरच ऐकणाऱ्यावर जा आणि 'नाही' त्याच्या चेहऱ्यावर ऐकू दे. 'नाही' संपल्यावर गेलीस तर चेहरा आधीच उतरलेला असतो. मग दोन-तीन फ्रेम इकडेतिकडे करून बघ, आणि एकदा डोळे मिटून नुसतं ऐक. श्वास मध्येच तुटला तर कट खटकणारच. अशा जागी रूम टोन, म्हणजे कुणी बोलत नसताना त्या जागेचा येणारा आवाज, लागतो. प्रत्येक लोकेशनवर निदान ३० सेकंदांचा घ्यायला साउंडवाल्यांना आधीच सांगून ठेव.

पिक्चर लॉक झाल्यावर, म्हणजे चित्राचा कट पक्का झाल्यावर, साउंडला एएएफ (टाइमलाइन दुसऱ्या सॉफ्टवेअरमध्ये नेणारी फाइल) देताना प्रत्येक क्लिपला दोन्ही बाजूंनी हँडल, म्हणजे कटापलीकडचा थोडा जास्तीचा आवाज, ठेव, नाहीतर फेड करायला त्यांच्याकडे काही उरत नाही. चित्र सुरू होण्याआधी २ सेकंद, म्हणजे २४ च्या हिशेबाने ४८ फ्रेम आधी, चित्र-आवाज जुळवायला एका फ्रेमचा बीप टाक. लॉकनंतर एक शॉट जरी बदलला, तरी साउंड आणि कलर दोघांनाही लेखी कळव.

पैशांचं बोलणंही आधीच लेखी कर: हप्ते कधी, किती वेळा बदल करून द्यायचे, श्रेयनामावलीत नाव कसं येणार. विचारायला संकोचू नकोस, हे विचारण्यात उद्धटपणा नाही.

हेडफोन स्वतःचे घेऊन जा, कान पूर्ण झाकणारे.

तुझी आई