वकील मॅडम, आभार मानायचे राहूनच गेले

वकील मॅडम, सप्रेम नमस्कार.

परवा खंडपीठात तुम्ही दोन मिनिटांत आमची याचिका मागे घेतलीत आणि पुढच्या मॅटरकडे वळलात. मी मागच्या बाकावर होतो. तोंडातून शब्द फुटेना, म्हणून हे पत्र.

पोरीच्या जात वैधता प्रमाणपत्रासाठी जात पडताळणी समितीच्या कचेरीचे दोन वर्षं उंबरे झिजवले. २००० च्या कायद्यानं जात सिद्ध करायचं ओझं अर्जदाराच्याच डोक्यावर ठेवलंय, ते मान्य. पण १९५० च्या आधीचा पुरावा म्हणून माझ्या वडिलांचा, निजामाच्या काळातल्या शाळेचा उर्दू उतारा दिला, तर टेबलावरचा माणूस म्हणाला, "हे कोण वाचणार?" मराठी भाषांतर जोडलं होतं हो. फक्त पान उलटायचं होतं. तुमच्या आधीच्या वकीलसाहेबांनी फी घेतली, तारीख काही घेतली नाही.

तुम्ही याचिका टाकलीत आणि सुनावणीआधीच समितीच्या कचेरीतून फोन आला, "प्रमाणपत्र तयार आहे, आधी केस काढून घ्या, मग न्यायला या." प्रवेशाची मुदत तोंडावर, मी हो म्हणूनच बसलो होतो. तुम्ही म्हणालात, "काका, कागद हातात आल्याशिवाय केस सोडायची नाही." कागद आला, तर पोरीचं नाव चुकलेलं! तो दुरुस्त होऊन आला, तेव्हाच तुम्ही कोर्टाला सांगितलंत की आता मागण्यासारखं काही उरलं नाही.

पण मनात घर केलंय ते वेगळंच. तो उतारा इतक्या कचेऱ्यांत फिरला की घड्यांवर फाटायला आला होता. पहिल्याच दिवशी तुम्ही तो प्लॅस्टिकच्या पिशवीत सरळ ठेवलात. परवा परत देताना खुर्चीतून उठलात, दोन्ही हातांनी पोरीकडे दिलात आणि विचारलंत, "आजोबांचं अक्षर कसं होतं गं?"

पोरीनं आजोबा पाहिलेच नाहीत. मग मीच सांगितलं, मुंग्यांच्या रांगेसारखं बारीक, मराठी अन् उर्दू दोन्ही. बाहेर पक्षकार ताटकळलेले, तरी तुम्ही ऐकून घेतलंत. दोन वर्षांत त्या कागदातल्या माणसाची चौकशी कुणी केली नव्हती.

माझी आई म्हणायची, चांगुलपणा अजून आहे जगात. मला वाटायचं, ही कधी कचेरीची पायरी चढली नाही, म्हणून म्हणते.

पोरीचा प्रवेश पक्का झाला. दिवाळीनंतर तिकडे येईन तेव्हा हळद आणतो. घरची आहे, फी नव्हे, तेव्हा नाही म्हणू नका.

आपला,
हिंगोलीकडचा एक बाप